आवाज बंद कर!

आमच्या घरात दिवसातून सर्वांत अधिक वेळा उच्चारले जाणारे वाक्य कोणते, असे एखाद्या जिज्ञासू पाहुण्याने विचारले, तर ‘पाने घेतली आहेत’ असे उत्तर देण्याचा मला मोह होईल. परंतु ते सत्याला धरून होणार नाही. खरे उत्तर ‘आवाज बंद कर!’ हे आहे. आम्ही लहानथोर अकरा माणसे हे वाक्य निरनिराळ्या खोल्यांतून व निरनिराळ्या पट्ट्यांत, पहाटेपासून निजानीज होईपर्यंत म्हणत असतो. आणि ते म्हणताना आमचा स्वर इतका चढतो की, ज्या आवाजाविरुद्ध तक्रार करावयाची तो त्यापुढे अगदी विनयशील वाटावा.

पुण्याच्या पेठेतला आमचा जुना वाडा पाडून तेथे चार मजली इमारत उभी राहिली, तेव्हा मी व माझा धाकटा भाऊ नाना अशा दोघांनी शेजारशेजारच्या दोन जागा घेतल्या आणि मधल्या भिंतीत दार पाडले. स्वयंपाकघर एक राहिले, देवघर एक राहिले, आणि दोन्ही जागांच्या मध्यावर जी खिडकीची खोली आहे ती आईची झाली. कुटुंब एकत्र राहिले ही गोष्ट खरी. परंतु वाड्याच्या हातभर जाडीच्या भिंती किती आवाज गिळीत असत, ह्याची कल्पना नव्या इमारतीच्या चार इंची भिंतींआड राहू लागल्यावर आली. संध्याकाळी सात वाजता देवघरात रामरक्षा चालू असते. त्याच वेळी दिवाणखान्यात नानाचा थोरला नातू प्लेस्टेशनवर एखादे परदेशी शहर जमीनदोस्त करीत असतो. त्याचा धाकटा भाऊ बंडू (जन्मपत्रिकेतले नाव भारदस्त आहे, पण घरात तो बंडूच) हातातल्या यंत्रावर उड्या मारीत असतो. आणि धाकटा पुतण्या आपल्या लॅपटॉपवर साता समुद्रांपलीकडच्या साहेबाशी बोलता बोलता दुसऱ्या हाताने सर्वांची विनवणी करीत असतो.

खेळास आवाज असतो ही गोष्ट काही नवी नव्हे. माझ्या लहानपणी वाड्याच्या ओटीवर सारीपाट चाले, आणि फरशीवर पडणाऱ्या कवड्यांचा खडखडाट माडीवर दुपारच्या झोपेत असलेल्या वडिलांपर्यंत पोहोचे. त्यांनी जिन्यावरून एकदा नुसते खाकरले की आम्ही मुले पटाच्या बाजूस घोंगडीची चौपदरी घडी अंथरून तिच्यावर कवड्या टाकीत असू. त्या घोंगडीस आम्ही काही नाव दिले नव्हते. परंतु हल्ली ज्यास ‘म्यूट करणे’ म्हणतात ते ह्याहून निराळे काय आहे, हे मला कोणी समजावून सांगितलेले नाही.

पुढे १९९४ च्या दिवाळीत मी माझ्या मुलासाठी ‘टीव्ही गेम’ आणला. जपानच्या निन्टेन्डो कंपनीने १९८३ साली जे फॅमिकॉम नावाचे यंत्र काढले, त्याची ती स्वस्त नक्कल होती. त्यात प्लॅस्टिकची एक चौकोनी ‘कॅसेट’ खोचावयाची आणि तारेचे टोक टीव्हीला जोडावयाचे. त्या कॅसेटमध्ये मारिओ होता. मिशाळ मारिओ उडी मारी, विटेवर खालून ठोसा मारी, आणि विटेतून नाणे निघाले की दोन सुरांचा एक स्वच्छ किणकिणाट होई. आई त्या वेळी साठीच्या आतबाहेर होती. ती पलीकडे ताटात तांदूळ घेऊन निवडीत बसे व मान वर न करता विचारी, ‘किती जमली रे आज?’ आवाज टीव्हीतूनच येत असल्यामुळे तो बंद करण्याचे सारे शास्त्र एका वाक्यात संपत असे: टीव्हीचा आवाज कमी करावा. तो मुलगा पुढे अमेरिकेत गेला, तेथेच स्थायिक झाला. आणि तो टीव्ही गेम वाड्याबरोबर कोठे गेला हे कोणासच ठाऊक नाही.

ह्या सर्व पुराणाचे आज कारण असे की, गेल्या माघात नानाच्या हृदयावर बायपासची शस्त्रक्रिया झाली. आठव्या दिवशी त्याला घरी आणले. छातीचे हाड उभे कापून पुन्हा तारेने जोडलेले; खोकला आला की उशी छातीशी घट्ट धरावयाची आणि मगच खोकावयाचे. निघताना डॉक्टरांनी बजावले होते की, औषधांइतकेच ह्यांच्या झोपेकडे लक्ष द्या. आणि नेमका नानाचा डोळा लागावा न लागावा तोच दिवाणखान्यातून तोफ सुटे! तिसऱ्या रात्री तो दचकून उठला, उशी चाचपू लागला, आणि घामेजलेल्या कपाळाने मला म्हणाला, ‘दादा, ह्याचे काही तरी कर.’ सत्तरी गाठेपर्यंत नानाने माझ्यापाशी कधी काही मागितल्याचे मला स्मरत नाही. मी तीस वर्षे शाळेत गणित शिकविले आहे. तेव्हा हा प्रश्न रीतसर सोडवावयाचा, असा मी त्याच रात्री निश्चय केला.

शत्रूवर चालून जाण्यापूर्वी त्याचे कुलशील जाणून घ्यावे म्हणून थोडे वाचन केले. तेव्हा एक मौजेची गोष्ट कळली. घरी टीव्हीला जोडून खेळावयाचे जे पहिले यंत्र १९७२ साली अमेरिकेत विक्रीस आले, ते ‘मॅग्नाव्हॉक्स ओडिसी’, जन्मतः मुके होते. त्यात आवाजाची योजनाच नव्हती. त्याच वर्षी अटारी कंपनीचा ‘पाँग’ आला व त्याने ही शांतता मोडली. पाँगमध्ये चेंडू फळीवर आदळला की टक् असा आवाज होतो. तो रचणारे अ‍ॅलन अ‍ॅल्कॉर्न ह्यांच्याकडे कंपनीचे चालक नोलन बुशनेल ह्यांनी प्रेक्षकांच्या जयघोषाचा आवाज मागितला होता; परंतु तेवढी सामग्री हाताशी नसल्याने अ‍ॅल्कॉर्न ह्यांनी मंडलात आधीच उत्पन्न होत असलेल्या स्वरांपैकी काही उचलून तेथे बसविले. पुढे १९७८ साली जपानच्या तोमोहिरो निशिकादो ह्यांच्या ‘स्पेस इन्व्हेडर्स’मध्ये आकाशातून उतरणाऱ्या शत्रूंबरोबर चार खर्जातले सूर एकसारखे फिरत राहतात, आणि शत्रू जसजसा निकराला येतो तसतशी त्यांची लय वाढत जाते. येथे आवाज हा नुसता अलंकार राहिला नाही. तो बातमी सांगू लागला. ही गोष्ट मी वाचली, माझ्या वहीत टिपूनही ठेवली, आणि तिचा अर्थ मात्र त्या वेळी माझ्या लक्षात आला नाही.

१९८९ सालच्या ‘गेम बॉय’ नावाच्या खिशातल्या यंत्राच्या कडेला आवाजाचे एक दातेरी चाक होते. ते आंगठ्याने शेवटपर्यंत फिरविले की यंत्र मुके. माझे स्वतःचे मत असे आहे की, आवाज बंद करण्याच्या बाबतीत मनुष्यजात त्या चाकाच्या पुढे एक पाऊलही गेलेली नाही. मागे मात्र पुष्कळ आली आहे. कारण हल्ली प्रत्येक यंत्राची रीत निराळी.

आरंभ प्लेस्टेशनपासून केला. टीव्हीच्या रिमोटवरचे आवाज बंद करण्याचे बटन दाबले. टीव्ही गप्प झाला; परंतु थोरल्याच्या हातातला कंट्रोलरच खुडबुड बोलू लागला! त्या कंट्रोलरच्या पोटात स्वतःचा लहानसा स्पीकर असतो व खेळातले काही आवाज तेथून निघतात, हे मला कोठून ठाऊक असणार? त्याच्या मधोमध खालच्या अंगास एक चिमुकले बटन असून त्यावर माइकचे चित्र व त्यावर तिरकी रेघ आहे. मी ते दाबले. नारिंगी दिवा लागला. आवाज जसाच्या तसा. दोन मिनिटांनी थोरला ओरडला, ‘मोठे आजोबा, काय केलेत हे? माझे मित्र विचारताहेत, मी गेलो कुठे!’ ते बटन त्याचा माइक बंद करण्याचे होते. जो आवाज बंद व्हावयास हवा तो चालू राहिला आणि नाशिकच्या त्याच्या मित्रास जो ऐकू यावयास हवा तो बंद झाला. मग पुस्तिका काढून पाहिली, तेव्हा कळले की तेच बटन नुसते न दाबता क्षणभर दाबून धरले, तर टीव्ही, कंट्रोलर व माइक ही तिन्ही एकदम मुकी होतात.

यंत्र मुके झाले. खेळणारा झाला नाही. हेडफोन लावून बसलेल्या माणसास स्वतःचा आवाज नीट ऐकू येत नसल्यामुळे तो नेहमीपेक्षा मोठ्याने बोलतो. रात्री अकरा वाजता ‘मागे बघ! मागे बघ!’ अशी थोरल्याची आरोळी आली की नानाच काय, खालच्या मजल्यावरचे बिऱ्हाडसुद्धा मागे पाहत असावे. शिवाय हेडफोनची दुसरी काळजी निराळीच. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ साली आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या सहकार्याने जे प्रमाण ठरविले, त्याप्रमाणे प्रौढांनी आठवड्यात चाळीस तास ऐकावयाचे तर आवाज ८० डेसिबल व मुलांनी ७५ डेसिबल, ह्याच्या पुढे जाऊ नये. हे आकडे मी थोरल्यास वाचून दाखविले. त्याच्या कानांवर हेडफोन होता.

सूनबाईच्या आयफोनची गोष्ट ह्याहून वेगळी. त्याच्या कडेला २००७ पासून एक सरकती कळ असे. ती सरकविली की नारिंगी पट्टी दिसते व घंटी बंद होते. (२०२३ पासूनच्या नव्या फोनांत तिच्या जागी दाबावयाचे बटन येऊ लागले आहे.) परंतु ह्या कळीची आज्ञा काही खेळ पाळतात व काही पाळीत नाहीत, असे दिसून आले. मला प्रथम हा खेळांचा उर्मटपणा वाटला. वास्तविक तसे नसून, खेळ रचणाराने आपला आवाज कोणत्या वर्गात नोंदविला आहे ह्यावर ते अवलंबून असते. ‘अवांतर’ म्हणून नोंदविलेला आवाज कळीसरशी थांबतो. ‘ऐकण्यासाठीच लावलेले’ म्हणून नोंदविलेले गाणे किंवा चित्रपट कळीस जुमानीत नाही. जुन्या आयपॅडवरही अशीच कळ होती. २०१४ च्या आयपॅड एअर २ पासून ती हळूहळू नाहीशी झाली व आता पडद्याच्या कोपऱ्यातून बोट खाली ओढून घंटेचे चित्र शोधावे लागते. ते शोधून मी आयपॅड मुका केला आणि समाधानाने देवघरात जाऊन बसलो. दुसऱ्या दिवशी मारुतिस्तोत्र रंगात आले असता देव्हाऱ्याशेजारच्या लहान स्पीकरमधून एकाएकी मोटारींच्या शर्यतीची घरघर सुरू झाली. सौ. सकाळी त्या स्पीकरवर आयपॅडवरून भजने लावीत असे; ते दोघे एकमेकांस विसरले नव्हते. सौ. म्हणाली, ‘अहो, तुम्ही आवाज बंद करता की खोल्या बदलता?’

लॅपटॉपचे काम त्या मानाने सोपे निघाले. विंडोजमध्ये २००७ च्या व्हिस्टापासून प्रत्येक कार्यक्रमाचा आवाज स्वतंत्रपणे कमीअधिक करता येतो. तेव्हा खेळ मुका ठेवून साहेब बोलता ठेवणे शक्य झाले. पुतण्याच्या मते हे उलट करता आले तर अधिक बरे.

शेवटी माझा स्वतःचा फोन. तो अँड्रॉइड जातीचा असून बंडूचा त्यावर डोळा असतो. मी तो ‘सायलेंट’वर टाकला, तरी खेळ वाजतच राहिला, कारण ह्या जातीच्या फोनात घंटीचा आवाज निराळा, गाणी व खेळ ह्यांचा निराळा, गजराचा निराळा, अशा एकाच घरात वेगवेगळ्या चुली असतात. खरे पाहता कडेचे बटन दाबून खेळाचा आवाज शून्यावर न्यावा, एवढेच करावयाचे होते. परंतु दहा दिवसांच्या अनुभवाने मी हट्टास पेटलो होतो. ‘व्यत्यय नको’ अशा अर्थाची जी सोय फोनात असते ती मी उघडली, तिच्यात ज्या ज्या आवाजांस सवलत दिलेली होती त्या सर्वांची सवलत एकामागून एक काढून घेतली, आणि फोन खऱ्या अर्थाने मौनात गेला.

त्या फोनावर नानाच्या पहाटे सहाच्या गोळीचा गजर होता.

सकाळी पावणेनऊला जाग आलेल्या नानाने पाणी मागितले, तेव्हा भावजयीने सहज विचारले, ‘गोळी दिलीत ना?’ त्या क्षणी माझ्या पायांखालची फरशी सरकली. गजराची सवलतही मी काढून घेतली होती, आणि आदल्या रात्री उशिरा झोपल्यामुळे माझीही नेहमीची पहाटेची जाग चुकली होती. डॉक्टरांना फोन केला. त्यांनी गोळी लगेच द्या, घाबरू नका, पुन्हा असे होऊ देऊ नका, असे तीन वाक्यांत सांगितले. भावजय एक अक्षर बोलली नाही. तिने नंतर स्वयंपाकघरातले जुने किल्लीचे घड्याळ काढले, त्यास गजर लावला व ते नानाच्या उशाशी ठेवले. ते घड्याळ बंद करावयाचे तर त्याच्या डोक्यावर हाताने थापट मारावी लागते. मी त्याच्याकडे आजही सरळ पाहू शकत नाही.

असो. ह्यापुढे राहिले बंडूचे ‘स्विच’ हे हातातले यंत्र. अमेरिकेहून माझ्या मुलाने ते त्याला पाठविले आहे. त्याच्या वरच्या कडेस आवाज वाढविण्याचे व कमी करण्याचे अशी दोन बटने आहेत. टीव्हीला जोडले तर मात्र आवाज टीव्हीकडे जातो व रिमोटने कमी करावा लागतो. त्यात हेडफोनची तार निसटली तर आवाज आपोआप बंद व्हावा अशीही एक सोय आहे. ती ज्याने योजिली त्यास बहुधा एकत्र कुटुंबाचा अनुभव असावा. मी बंडूस समोर बसवून सांगितले, ‘नाना आजोबा बरे होईपर्यंत आवाज शून्य.’ पोर शहाणे आहे. त्याने माझ्यादेखत आवाज शून्यावर नेला आणि पुन्हा कधी वर केला नाही.

घर शांत झाले. नाना दुपारचा दीड दीड तास झोपू लागला. मी वहीत शेवटच्या ओळीखाली रेघ मारली.

ह्यानंतर आठ-दहा दिवसांनी, दुपारी चारच्या सुमारास मी आईच्या खोलीत गेलो होतो. आई आता एक्याण्णव वर्षांची आहे. तिच्या दोन्ही डोळ्यांतील दृष्टिपटलाचा मध्यभाग झिजला आहे. त्यामुळे खिडकीची चौकट, दारातून आलेल्या माणसाची आकृती, एवढे तिला कडेकडेने दिसते, परंतु ज्याच्याकडे पाहावे तेच नेमके पुसले जाते. अमेरिकेतला नातू फोनच्या पडद्यावर येतो तेव्हा ती पडद्याच्या शेजारी कोठे तरी पाहत त्याच्याशी बोलते. मी तिच्यापाशी बसलो, तशी ती हलक्या आवाजात म्हणाली, ‘अरे, बंडूला बरे नाही का?’

‘का ग? उत्तम आहे.’

‘मग तो हल्ली माझ्याकडे येत का नाही?’

बंडू तिच्या खाटेला टेकून, जमिनीवर मांडी घालून बसला होता. रोज ह्याच वेळी तो तेथेच बसत होता. खिडकीच्या उजेडाखाली, खाटेच्या आडोशाला बसलेले ते लहानसे पोर तिच्या नजरेच्या कडेतही येत नव्हते. माझ्या तोंडून शब्द निघेना. बंडूनेच मान वर करून सांगितले, ‘पणजीआजी, मी इथेच आहे. खेळतोय.’

‘खेळतोस? मग वाजत का नाही?’

‘मोठ्या आजोबांनी बंद करायला सांगितलंय.’

आई थोडा वेळ काही बोलली नाही. पांघरुणाची कड तिने दोनदा सारखी केली. मग म्हणाली, ‘नानाला त्रास होतो ते खरेच. बंदच असू दे.’ आणि पुन्हा थोड्या वेळाने, मला नव्हे तर स्वतःशीच बोलल्यासारखी, ‘तोच खेळ आहे ना रे? तुझ्या मुलाचा? नाणे अगदी तसेच वाजते. मला वाटायचे, तोच पलीकडे बसला आहे.’

खेळ तोच होता. निन्टेन्डोची वर्गणी भरली की १९८५ चा मूळ मारिओ ह्या नव्या यंत्रावरही मिळतो, आणि नंतरच्या मारिओंतही नाण्याचा तो किणकिणाट थेट ओळखू यावा असाच ठेवलेला आहे. मी उठून दार ओढून घेतले, बंडूस म्हटले, ‘दोन घर वाढव,’ आणि पाहत राहिलो. आईने डोळे मिटून घेतले. ‘हे नाणे. आणखी एक. आता मोठा झाला. अरे, तिथे जपून, त्या नळाशी तू नेहमी...’ आणि बंडू पडला. पडल्यावर जी घसरती सुरावट वाजते तिच्याबरोबर आईने जिभेने ‘च्च’ केले. हे दोघे कित्येक महिने असे खेळत होते आणि आम्हा बाकीच्या नऊ माणसांस त्याचा पत्ता नव्हता. आमच्या लेखी बंडू आवाज करीत होता, एवढेच.

रात्री मी स्वतः डोळे मिटून तो खेळ ऐकला. मला काही उमगेना. नाणे तेवढे कळले. मग मुलाला अमेरिकेत फोन केला. त्याने सांगितले की त्या जुन्या यंत्रात एका वेळी उमटू शकणारे सूर अगदी मोजके. म्हणून मारिओने उडी मारली की चालू गाण्यातला एक सूर तेवढ्यापुरता बाजूस होतो व उडीस जागा देतो. वेळ शंभराच्या आत आली की गाण्याची चालच जलद होते. कोजी कोंदो ह्यांनी रचलेले ते गाणे ऐकणाऱ्याला पुष्कळ काही सांगत असते. ‘आजीला आठवतं अजून?’ असे त्याने विचारले. मी हो म्हटल्यावर पलीकडे बराच वेळ शांतता होती. ती मी बंद केलेली नव्हती.

माझ्या वहीतली ती ओळ मी पुन्हा काढून वाचली. त्यानंतर ह्या अंगानेही थोडे शोधले. १९९७ साली जपानमध्ये केंजी एनो ह्यांनी पडद्यावर काहीही न दिसणारा, केवळ कानांनी खेळावयाचा एक संपूर्ण खेळ काढला. आपले खेळ आवडणाऱ्या अंध माणसांवरून त्यांना ती कल्पना सुचली होती. २०२० च्या ‘द लास्ट ऑफ अस’च्या दुसऱ्या भागात वाट, भिंत, शत्रू, उचलण्याजोगी वस्तू ह्यांना वेगवेगळ्या खुणेचे आवाज देऊन ठेवले आहेत, आणि डोळ्यांनी मुळीच न दिसणाऱ्या माणसांनी तो खेळ अखेरपर्यंत खेळला आहे. उलट ‘फोर्टनाइट’मध्ये ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठी पावलांचा व गोळीचा आवाज कोणत्या दिशेने आला, हे पडद्यावर चित्राने दाखविण्याची सोय आहे. हे सर्व मी थोरल्यास सांगू लागलो, तर त्याला ते अगोदरच ठाऊक होते. ‘तुम्ही विचारलं नाहीत,’ तो म्हणाला.

आता प्रश्न दुहेरी झाला. आईच्या व नानाच्या खोल्यांमध्ये तीच चार इंची भिंत. एकास शांतता औषधासारखी हवी, आणि दुसरीस... तिला काय हवे होते ह्यास मी नाव देत नाही. बंडूने उपाय सुचविला: एका तारेस दोन तोंडे असलेला जोड मिळतो, तो लावून एक हेडफोन त्याने घ्यावा व एक पणजीने. दोनशे रुपयांच्या आत काम झाले. आईच्या पांढऱ्या केसांवर तो हेडफोन बसविला, तेव्हा सारे घर पाहावयास लोटले. पाच मिनिटांत तिने तो काढून ठेवला. ‘नाणे वाजते, पण घर ऐकू येत नाही रे,’ ती म्हणाली. कुकरची शिट्टी, देवघरातली घंटा, सूनबाईच्या पैंजणांचा आवाज, जिन्यावर कोण चढले ते पाऊल, ह्यांच्या मधूनमधून तिला ते नाणे हवे होते. नुसते नाणे घेऊन ती काय करणार?

अखेर वेळापत्रक केले. गणिताचा मास्तर दुसरे काय करणार? डॉक्टरांनी नानाला आता रोज थोडे चालावयास सांगितले होते. चार ते पाच ह्या वेळात तो खाली अंगणात फेऱ्या मारील, भावजय बरोबर राहील, आणि त्या तासात आईच्या खोलीत आवाज पाच घर. पाच वाजून गेले की शून्य. हा कागद फ्रिजच्या दारावर लावला आहे. नानाने तो वाचला व म्हणाला, ‘एवढ्यासाठी मला खाली हाकलता होय!’

हे ज्येष्ठापर्यंत सुरळीत चालले. मग पाऊस लागला. परवा चार वाजता आभाळ इतके कोसळत होते की खाली जाणे शक्यच नव्हते. आई उशाशी टेकून बसली होती. बंडू यंत्र घेऊन आला, माझ्याकडे त्याने पाहिले, मी मान हलविली, आणि त्याने आवाज शून्यावर ठेवून खेळ सुरू केला. पाचदहा मिनिटे गेली असतील. दाराशी काठीचा टक् टक् आवाज झाला व नाना आत आला. तो आईच्या पायथ्याशी हळूच टेकला. ‘वाढव रे जरा,’ तो बंडूला म्हणाला, ‘तिला काही कळत नसेल.’

बंडूने वाढविला. नाना थोडा वेळ ऐकत बसला. मग म्हणाला, ‘आई, ह्यात नाणे कोणते नि उडी कोणती? मला सगळे सारखेच वाटते.’

आईने हात पुढे केला, चाचपून त्याचे मनगट धरले. ‘नीट ऐक,’ ती म्हणाली. ‘हे नाणे. ही उडी. हे नाणे, नाणे, नाणे. आता तो नळ येईल बघ.’

आणि बंडू पडला.